आठ पायांचं टेबल

४ मार्च

ताईने सांगितलं म्हणून ही वही उघडली. सांगितलं कसलं, फोनवर ओरडली. "दिवसातून तीनदा फोन करून माझं डोकं खाऊ नकोस. मनात येईल ते लिहून ठेव आणि रविवारी एकदम सांग." ताई माझ्याहून सहा वर्षांनी मोठी. दुसऱ्या शहरात असते. एक नोकरी, दोन मुलं आणि एक नवरा सांभाळते. मी आईला सांभाळतो. निदान आज सकाळपर्यंत माझा तसा समज होता.

तर बातमी अशी की आईने आमचं घर विकलं. विकायला काढलं नाही, विकलं. घेणारा दातांचा डॉक्टर आहे. खाली आमचं शिंप्याचं दुकान आहे तिथे तो लोकांचे दात उपटणार आणि वर आम्ही राहतो तिथे तो राहणार. महिनाअखेर घर रिकामं करून द्यायचं. आई परत तिकडे जाणार, मावशीकडे. तिकडे म्हणजे समुद्रापलीकडे, जिथून ती बाबांशी लग्न करून इकडे आली.

हे तिने मला मी अंडं सोलत असताना सांगितलं. "घर देऊन टाकलं मी," म्हणाली. "मीठ हवंय का?"

मी त्रेचाळीस वर्षांचा आहे. याच घरात वाढलो, याच घरात टक्कल पडलं. मीठ हवं होतं, पण मागायचा धीर झाला नाही.

६ मार्च

आईला या वयात तिकडे पाठवणं धोक्याचं आहे, हे ताईला पटवायचं म्हणून मुद्दे काढले. तिची औषधं मी आणतो. (चिठ्ठी ती लिहून देते, आणि मी विसरलो की तीच जाऊन आणते.) तिला भीती वाटू नये म्हणून मी रात्री घरीच असतो. (कडी ती लावते. मला कोणी बाहेर बोलावत नाही.) बाबा गेल्यापासून दुकानाचा भार माझ्या खांद्यावर आहे. (नवे कपडे शिवणं बंद झालंय. पँटी आखूड करणं आणि चेन बदलणं एवढंच काम येतं, त्यातली चेन मला नीट बसवता येत नाही.)

कंसांनी घात केला. ते गाळून ताईला वाचून दाखवलं. सगळं ऐकून घेऊन ती म्हणाली, "बरं. आता गाळलेलं वाच."

७ मार्च

"तिकडे आता तुझं आहे कोण?" असं आईला विचारलं.

"मी आले तेव्हा इकडे तरी कोण होतं?" ती म्हणाली आणि सुईत दोरा ओवायला लागली. एकाहत्तराव्या वर्षी ती चष्म्याशिवाय दोरा ओवते. मला चष्मा लावूनही जमत नाही. अशा बाईची काळजी करायची म्हणजे अंगात धमक लागते.

पण माझं म्हणणं कोणी ऐकून घेत नाही. हे घर सोडून मला दुसरीकडे कुठेच जागा नाही. गल्लीतली पोरं मला लहानपणी 'तिकडचा' म्हणायची. सुट्टीत आजोळी गेलो तर तिकडची पोरंही मला 'तिकडचा'च म्हणायची. इतकं एकमत मी पुन्हा कधी पाहिलं नाही.

त्यात कपडे. बाबांच्या लोकांत पँट बुटावर टेकायला हवी, आईच्या लोकांत घोटा दिसायला हवा. दोघं शिंपी आणि दोघं हट्टी. वाटाघाटी होऊन माझी पँट मधेच कुठेतरी थांबायची. इकडच्यांना वाटायचं पोर वाढतंय आणि घरात कोणाचं लक्ष नाही. तिकडच्यांना वाटायचं मोठ्या भावाची घातलीय. आजही माझ्या सगळ्या पँटी तेवढ्याच आहेत. हिशेब मी आईच्या भाषेत करतो, भांडतो बाबांच्या भाषेत, आणि ठेच लागली की दोन्हींतलं एकदम तोंडात येऊन काहीच धड बाहेर पडत नाही. एक ना धड, भाराभर चिंध्या ही म्हण आमच्याच दुकानात बसून कोणीतरी रचली असणार.

फक्त या घरात मला कोणी तिकडचा म्हणत नाही. इथे मी 'बटण'. दोन वर्षांचा असताना एक गिळलं होतं. ते परत मिळालं आणि कोटाला लावलं, असं बाबा गिऱ्हाइकांना सांगायचे. कोणाच्या कोटाला ते सांगायचे नाहीत.

९ मार्च

डेंटिस्ट मोजमाप घ्यायला आला होता. सभ्य माणूस आहे, याचाच जास्त राग येतो. "इथे खुर्ची, इथे बेसिन," असं म्हणत दुकानभर फिरला आणि टेबलाशी अडला. "हे तेवढं न्याल ना? ही खोली मला पूर्ण मोकळी लागेल."

हे म्हणजे आमचं कापड बेतायचं टेबल. बाबांनी स्वतः केलेलं. अर्धं दुकान त्यानेच व्यापलंय. वरून जाड कांबळं ताणून कडेने बारीक खिळे मारलेले. एका टोकाला बाबा कापायचे, दुसऱ्या टोकाला आई, आणि खाली माझा संसार. अभ्यास, झोप, रुसवे, गोवर, सगळं त्याखाली झालं. खाली एका खिळ्याला दोरीने पाना टांगलेला आहे. त्याची मी घंटा करायचो. टेबलाला आठ पाय आहेत. शाळेत चित्रकलेच्या तासाला मी आठ पायांचं टेबल काढलं तर बाईंनी विचारलं, "हे टेबल आहे की खेकडा?" मी म्हटलं, "तुमच्याकडे चारच आहेत का?" बाई गरीब असाव्यात असं वाटून मला फार वाईट वाटलं होतं.

दर वर्षअखेरीला बाबा तेलाची बाटली घेऊन टेबलाखाली शिरायचे आणि मधल्या चार बोल्टांना तेल घालायचे. मशीनला घालतात तसं टेबलालाही घालावं लागतं, असं मी समजून होतो. हे मी वर्गात सांगितल्यावर जो हशा पिकला तो अजून कानात आहे. तरी बाबा गेल्यावर दोन्ही वर्षअखेरींना मी इमानेइतबारे तेल घातलं. वडिलांची कला माझ्यात तेवढीच उतरली. आई मात्र त्या दिवशी कधी खाली फिरकायची नाही. तेलाचा वास तिला सोसत नसावा.

१२ मार्च

गेले तीन दिवस एकाच विचाराने जेवण जात नाही. आई मला बरोबर चल म्हणेल तेव्हा काय सांगायचं?

चल म्हणणार हे उघड आहे. मावशीचं घर मोठं आहे. पण मी तिकडे जाऊन काय करू? त्या भाषेत मला आठ वर्षांच्या मुलाइतकं बोलता येतं. 'मला भूक लागली', 'मी नाही केलं', एवढ्यावर माणूस म्हातारपण काढू शकत नाही. बरं, नाही म्हणावं तर आईचं मन मोडणार. आज दाढी करताना आरशासमोर वाक्य बसवलं: "आई, तुझ्या मायेपुढे मी लहान आहे, पण माझी मुळं इथे आहेत." दोनदा म्हटलं. दुसऱ्यांदा डोळ्यांत पाणी आलं आणि ब्लेड लागलं.

१३ मार्च

वाक्य म्हटलं. हनुवटीला कापूस लावून म्हटलं, म्हणजे आणखी करुण वाटलं असेल.

आई कात्र्या पुसत होती. तिने ऐकून घेतलं आणि शांतपणे म्हणाली, "पण तुला बोलावलंय कोणी?"

मी म्हटलं, "म्हणजे?"

"म्हणजे मी जातेय. तुझं तू बघ."

"तुला मी नको आहे तिकडे?"

"तसं कुठे म्हटलं? तुला यायचं असेल तर ये की. पण स्वतःहून ये. मी आले होते ना इकडे, माझ्या पायांनी आले होते. माझ्या पदराला धरून येऊ नकोस. मी पदरही घेत नाही."

तीन दिवस मनातले मांडे खाल्ले आणि नकारही स्वतःच देऊन टाकला. गुडघ्याला बाशिंग बांधून मांडवात गेलो तर लग्न दुसऱ्याचंच होतं.

१४ मार्च

लिहिण्यासारखं काही घडलं नाही. दिवसभर फुगून बसलो होतो. कोणाच्या लक्षात आलं नाही.

१७ मार्च

आईने माझ्यासाठी दोन खोल्या बघून ठेवल्या आहेत. चष्म्याच्या दुकानाच्या वर. मालकाशी बोलणंही झालंय. खिडकी रस्त्यावर, उजेड चांगला, जिना अरुंद. "खाली पाटी लाव, गिऱ्हाईक वर येईल," म्हणाली. मी म्हटलं बघू. म्हणजे मला बघायलाच लागणार.

एक गोष्ट मात्र गंभीर आहे आणि ती ताईला सांगितली पाहिजे. आई विसरायला लागली आहे. परवा मला विचारते, "विजेचा मीटर कुठे बघायचा असतो रे?" चाळीस वर्षं तीच बघतेय. काल म्हणाली, "भाताला पाणी किती घालायचं, आठवत नाही, तू घाल बघू." मी घातलं. पेज झाली. तिने मुकाट्याने खाल्ली आणि आज पुन्हा विचारलं. चेन बसवताना तर माझ्याकडे देऊन म्हणते, "माझे हात थरथरतात, तू कर, मी बघते." तीनदा उसवून चौथ्यांदा बसली. हात थरथरतात तर दोरा कसा ओवते, हे तेवढ्यात लक्षात आलं नाही.

अशा अवस्थेत तिला समुद्रापलीकडे पाठवायचं?

२० मार्च

आई दोन दिवसांपूर्वी ताईकडे गेली, नातवंडांना भेटायला. आज सामान हलवणाऱ्यांचा मुकादम येऊन गेला. भल्यामोठ्या मिशांचा माणूस, कपाटांकडे नुसतं बघून वजन सांगतो. टेबलाशी आल्यावर मात्र थांबला. दाराकडे बघितलं, टेबलाकडे बघितलं, पुन्हा दाराकडे.

"हे आत आणलं कसं?"

"बाबांनी आतच बांधलं."

"सुटं होतं का?"

"छे. एकसंध आहे," मी म्हटलं. टेबलाच्या बाबतीत माझ्याइतका जाणकार दुसरा कोण? खाली कापडाचे गठ्ठे आणि खोकी ठासून भरलेली आहेत, त्यामुळे त्याने वाकून बघण्याचा त्रास घेतला नाही.

"मग करवत लावल्याशिवाय निघणार नाही. किंवा चौकट काढा."

चौकट काढू द्यायला डेंटिस्ट तयार नाही, हे मला माहीत आहे. दाराला त्याने आधीच नवा रंग देऊन घेतलाय. आणि बाबांच्या टेबलाला करवत लावू द्यायला आई मेली तरी तयार होणार नाही. मुकादम गेल्यावर मी टेप काढून स्वतः मोजलं. इंचांत एकही आकडा धड येत नाही, पण कसंही मोजलं तरी टेबल दारापेक्षा मोठंच.

म्हणजे टेबल निघत नाही. टेबल निघत नाही म्हणजे घर रिकामं होत नाही. घर रिकामं होत नाही म्हणजे व्यवहार होत नाही. मी शीळ घातली. मला शीळ येत नाही, तरी घातली.

२२ मार्च

दोन दिवस फार आनंदात गेले. भात चांगला झाला. आईला फोनवर टेबलाचं काही सांगितलं नाही. सांगितलं असतं तर तिने काहीतरी तोड काढली असती. ऐनवेळी कळलं तर काय करणार? माझा स्वभाव कपटी नाही, पण संधी मिळाली की जमतं असं दिसतंय.

संध्याकाळी टेबलावर हात ठेवून उभा राहिलो आणि बाबांना मनातल्या मनात म्हटलं, तुम्ही हिला बरोबर अडकवून ठेवलंत. मग तो शब्द मलाच कसातरी लागला. दिवा लावला आणि भांडी घासली.

२५ मार्च

आई परत आली. बांधाबांध जोरात. कपाटं, मशिनी, ताटं, सगळं खोक्यांत गेलं. वरच्या खोल्या इतक्या रिकाम्या झाल्या आहेत की खोकलो तर दुसरा कोणीतरी खोकल्यासारखं वाटतं. आई हिंडताना भिंतींना हात लावते. मी बघतोय असं दिसलं की म्हणते, "ओल आलीय का बघत होते."

तिने एक रॉकेलची बाटली आणि फडकं बाजूला काढून ठेवलंय. कशाला म्हणून विचारलं तर म्हणाली, "लागेल." विसरभोळेपणा वाढत चाललाय.

मला झोप लागत नाही. जिंकणाऱ्या माणसाला झोप लागायला हवी.

२८ मार्च

आज जे झालं ते झालं तसं लिहितो.

सकाळी मुकादम दोन माणसं घेऊन आला. बाकी सगळं भराभर निघालं. टेबलाशी येऊन तो म्हणाला, "याचं काय ठरलं? हे निघायचं नाही, मागेच यांना सांगितलं होतं."

आईने माझ्याकडे बघितलं. "मागे म्हणजे कधी?"

मी कात्र्या मोजायला लागलो. मग म्हटलं आता लपवण्यात अर्थ नाही, आणि भाषण सुरू केलं. "आई, टेबल दारातून जात नाही. बाबांनी ते इथून हलावं म्हणून बांधलंच नव्हतं. करवत लावायची तर तुझ्या जिवावर येईल. मला वाटतं बाबांचीच इच्छा आहे की..."

"गठ्ठे काढ," आई म्हणाली.

गठ्ठे काढले. आई गुडघा धरून खाली बसली, रॉकेलची बाटली घेतली आणि टेबलाखाली शिरली. एकाहत्तर वर्षांची बाई. बाबांचे मोजे घातलेले तिचे पाय तेवढे बाहेर दिसत होते. माझी घंटा वाजली, म्हणजे तिने पाना खिळ्यावरून काढला. मग आतून तिने विचारलं, "याला तेल कोणी घातलंय?"

"मी," मी म्हटलं. "वर्षअखेरीला."

"कोणी सांगितलं तुला?"

"कोणी नाही. बाबा घालायचे म्हणून."

मी वाकून बघितलं तर ती पाना मांडीवर ठेवून रडत होती, आणि हसतही होती. मी आत शिरलो. आता तिथे माझं डोकं वर लागतं. मुकादमाला काय समजायचं ते समजलं असावं. तो माणसांना घेऊन चहाला गेला.

"मला वाटलं गंजून बसले असतील," ती म्हणाली. "म्हणून रॉकेल आणलं होतं. हे बघ." तिने बोल्टला पाना लावला आणि दोन बोटांनी फिरवला. लोण्यातून फिरावा तसा फिरला. "ही दोन टेबलं आहेत रे. एक त्यांचं, एक माझं. मध्ये जोडलेली. तुला माहीत नव्हतं? तू तर याच्याखालीच वाढलास!"

काखेत कळसा आणि गावाला वळसा असं म्हणतात. माझा वळसा चाळीस वर्षांचा. आठ पाय. चार अधिक चार. एवढी बेरीज करायला कोणती भाषा लागते?

मग तिने सांगितलं. लग्नाआधीच तिने बाबांना बजावलं होतं, दोन वर्षं बघेन, नाही जमलं तर परत जाईन. बाबा म्हणाले बरं. आणि हे टेबल केलं. म्हणाले, जाशील तेव्हा तुझं तू घेऊन जा, शिंप्याने टेबलाशिवाय जाऊ नये.

"आणि पहिल्याच वर्षअखेरीला तेलाची बाटली घेऊन खाली शिरले," आई म्हणाली. "मी वर जाऊन रडले. आमच्याकडे बायको जाते म्हणाली तर नवरा दारात आडवा पडतो. खोटं खोटं का होईना, पडतो. आणि हा माणूस माझ्या जायच्या दाराला तेल घालत होता! मला वाटायचं, दरवर्षी मला जा म्हणतोय."

"मग?"

"चार-पाच वर्षं रडले. मग एकदा विचारलंच, मी जावं असं वाटतं का तुम्हाला? तर इतके घाबरले! म्हणाले, बोल्ट गंजले तर तू अडकशील. मला तू अडकलेली नको, राहिलेली हवीस." तिने नाक पुसलं. "त्यांच्याकडे प्रेम असं करतात म्हणे. कोणी आधी सांगितलं असतं तर?"

"पण त्यानंतरही तू त्या दिवशी खाली यायची नाहीस."

"मुद्दाम. वर्षातून एक दिवस त्यांनाही धाकधूक वाटू दे की."

मी हसलो. तिने पाना माझ्या हातात दिला आणि माझ्याकडे नीट बघितलं.

"मी राहिले. ते त्यांना माहीत होतं आणि मलाही. पण तू राहिलास की अडकलास, ते मला कधी कळलं नाही रे बटणा. मी इथे असेपर्यंत ते कळणारही नाही. म्हणून जातेय."

मी म्हटलं, "मलाही नाही कळलं." आणि रडलो. टेबलाखाली रडायची जुनी सवय असल्यामुळे फार अवघड गेलं नाही.

उरलेले तीन बोल्ट मी काढले. बाहेर आल्यावर आईने मोठी कात्री माझ्या हातात दिली आणि कांबळ्याकडे बोट दाखवलं. "काप." आयुष्यात मला कधी सरळ कापता आलेलं नाही. बाबांनी हात टेकले होते. पण खाली सांध्याची खाच होती. कात्रीचं खालचं पातं त्या खाचेत बसलं आणि या टोकापासून त्या टोकापर्यंत सरळ गेलं. मुकादम चहा पिऊन परत आला तेव्हा दोन टेबलं उभी होती, प्रत्येकी चार पायांची. दोन्ही दारातून निघाली. हाताची चार बोटं जागा उरली.

२९ मार्च

रिकाम्या दुकानात टेप सापडला. डेंटिस्टच्या हाती किल्ली द्यायच्या आधी, टेम्पोत चढवलेल्या बाबांच्या अर्ध्याला पुन्हा एकदा मोजलं. या वेळी टेप उलटा धरला, आईच्या सेंटिमीटरच्या बाजूने. बाबा सेंटिमीटरला शिव्या द्यायचे. 'मुंग्या मोजायचं माप' म्हणायचे. टेबलाची उंची बरोबर ऐंशी. लांबी, रुंदी, सगळं शून्यावर संपणारं. सगळं तिच्या मापात, तिच्या उंचीला बेतलेलं. बाबा तिच्यापेक्षा हातभर उंच होते आणि जन्मभर त्यावर वाकून कापत राहिले. शेवटी त्यांच्या पाठीला जे पोक आलं होतं ते धंद्याचं आहे असं आम्ही सगळ्यांना सांगायचो.

३१ मार्च

आई गेली. ताई सोडायला आली होती. तीच जास्त रडली. मला बरं वाटलं.

तिकीट, कागदपत्रं, गोळ्या, मावशीसाठी लोकर, सगळं आईने कोणाला न विचारता जागच्या जागी ठेवलं होतं. काही म्हणता काही विसरली नाही. मग मीटर कुठे बघायचा हे मला का विचारत होती, कोण जाणे. तिचं अर्धं टेबल जहाजाने जाणार. ताई म्हणाली, "तिकडे काय टेबलं मिळत नाहीत?" आई म्हणाली, "माझं नाही मिळत."

आत जाताना तिने माझ्या शर्टाच्या खिशात चारही बोल्ट टाकले. इतके जड की खिसा लोंबायला लागला. "खिशाला दुहेरी टाका घाल," म्हणाली. शेवटचे शब्द हेच. मी हात हलवत राहिलो. ती वळली नाही. मग वळली.

१२ एप्रिल

चष्म्याच्या दुकानावर राहायला येऊन दोन आठवडे होत आले. पाटी लावली. पाच गिऱ्हाइकं आली, त्यातली दोन चष्म्यासाठी. एका मुलीची चेन पहिल्याच फटक्यात बसली. तिला त्याचं काहीच वाटलं नाही, मी मात्र ताईला फोन केला. मीटर वाचता येतो. भात होतो.

बाबांचं अर्धं खिडकीशी लावलंय. सांध्याची बाजू उघडी पडलीय. तिथे पॉलिश नाही, चार भोकं आहेत आणि कापलेल्या कांबळ्याच्या दशा लोंबतात. गिऱ्हाइकाला दिसायला बरं दिसत नाही म्हणून ती बाजू भिंतीला लावून टाकली. आता कोणीही म्हणेल साधं चार पायांचं टेबल आहे. संध्याकाळी खाली शिरून बसलो. इतकं लहान आहे की पाय बाहेर राहतात.

२३ मे

आईचा फोन. तिचं टेबल पोचलं. एक पाय खरचटलाय, बाकी ठीक. मावशीच्या पुढच्या खोलीत लावलंय आणि शेजारणीचा कोट बेतायला घेतलाय. तिकडची पोरं तिला 'तिकडची आजी' म्हणतात म्हणे. ती फार हसत होती.

मी अनुभवी माणसासारखा सल्ला दिला, "सांध्याची बाजू भिंतीला लाव. मी तसंच केलंय. दिसत नाही."

"मी नाही लावली," ती म्हणाली. "ती मोकळी ठेवलीय."

"का? वाईट दिसत असेल ना?"

"दिसू दे. पुढे जागा आहे तेवढी." मग म्हणाली, "मीटर बघितलास का या महिन्याचा?"

फोन ठेवल्यावर मी तासभर विचार करत बसलो की हे बोलावणं होतं की नव्हतं. विचारायला हवं होतं. पण मागच्या वेळचा अनुभव बघता हिंमत झाली नाही.

शेवटी उठलो आणि टेबल फिरवलं. एकट्याने फिरवताना कंबर धरली. सांध्याची बाजू आता खोलीकडे आलीय, त्यामुळे दारातून आत आलं की कोपरा मांडीला लागतो. गिऱ्हाइकांना सांभाळून यायला सांगावं लागेल. बोल्ट खिडकीत वाटीत ठेवले होते. हातात घेऊन बघितले तर कोरडे पडलेत. तेलाची बाटली आईच्या सामानातून गेली. उद्या नवी आणायची.